आरटूची शीळ

आज सांगलीत विश्रामबागला मावसभावाकडे गेलो होतो. त्याच्या पोरानं सेकंडहँड एक्सबॉक्स ३६०, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायचं यंत्र, आणलाय. पण कसला! २०१२ ची, स्टार वॉर्स सिनेमांवर बेतलेली आवृत्ती. अख्खं यंत्र सिनेमातल्या आरटू-डीटू या यंत्रमानवासारखं निळं-पांढरं, कंट्रोलर त्याचा जोडीदार यंत्रमानव थ्रीपीओसारखा सोनेरी. बटण दाबलं आणि आरटूची ती शीळ वाजली. अंगावर काटा आला, खरं सांगतो.

सोबतचा गेम मला तितका नाही रुचला. कॅमेऱ्यासमोर हातवारे करून लाइटसेबर (सिनेमातली प्रकाशाची तलवार) फिरवायचा, हात दुखतात नुसते. माझा जीव अडकलाय अटारी कंपनीच्या १९८३ च्या स्टार वॉर्स आर्केड गेममध्ये, म्हणजे नाणं टाकून खेळायच्या मोठ्या यंत्रावरच्या गेममध्ये. त्यात रंगवलेली चित्रं नाहीतच, काळ्या पडद्यावर नुसत्या रंगीत रेषा. पण त्याच रेषांमधून तुमचं एक्स-विंग हे लढाऊ यान डेथ स्टार या शत्रूच्या अवाढव्य अंतराळतळावरच्या चरात शिरतं, दोन्ही भिंती अंगावर येतात आणि कानात सिनेमातलेच आवाज! एवढ्याशा सामग्रीत केवढं उभं केलंय त्या लोकांनी.

पोराला कॉम्प्युटरवर तो लावून दिला. वाटलं, दोन मिनिटांत कंटाळेल. तासभर उठला नाही. वहिनींनी दिलेलं भडंग तसंच बशीत.

“काका, अजून एकदा तो चर!”

पुढच्या रविवारी परत जाणार आहे.