७५ किलोवर फ्रॅन मागे गेली

मंडळी, काटा एकदाचा ७५ वर आला आणि क्रॉसफिटमधली माझी फ्रॅन १२ सेकंदांनी हळू झाली. (फ्रॅन म्हणजे घड्याळ लावून २१, १५, ९ अशा उतरत्या सेट्समध्ये थ्रस्टर्स आणि तितक्याच पुल-अप्स; थ्रस्टर म्हणजे बार खांद्यावर घेऊन बैठक आणि उठता उठता तो डोक्यावर.) ८१ किलोवर असताना ५:४१ होती, परवाच्या शनिवारी ५:५३. कोच घड्याळाकडे बघून नुसता हसला.

आधी चांगलं सांगून घेतो. सिंडीत (२० मिनिटांत ५ पुल-अप्स, १० पुश-अप्स, १५ बैठका असे जमतील तितके राउंड) १८ राउंड पूर्ण झाले आणि पुल-अप्सचा पाचाचा सेट शेवटपर्यंत कुठेही तुटला नाही. बटरफ्लाय (न थांबता गोल झोक्यात मारायची पुल-अप) लागली, म्हणजे खरंच लागली, हनुवटी दर वेळी बारच्या वर. हाताची सालंही शाबूत आहेत. त्याचं निम्मं श्रेय कार्बन ग्रिप्सना, म्हणजे तळहातावर बांधायच्या पट्ट्यांना. तीन भोकांच्या चामडी ग्रिप्स घामाने भिजल्या की आपल्या दमट हवेत चॉकचा नुसता चिखल होतो, माझ्या मते त्यात पैसे घालू नका.

आता फ्रॅन. व्हिडिओ लावून स्प्लिट्स, म्हणजे कशाला किती वेळ गेला ते, काढले. पुल-अप्समध्ये २० सेकंद वाचले, थ्रस्टर्समध्ये ३२ गेले. पूर्वी २१ चा सेट सलग जायचा, आता १२ वर बार खाली. १५ चे तीन तुकडे. बारला हात लावायच्या आधीची ती ‘जरा श्वास घेतो’वाली उभं राहणी तर व्हिडिओत बघवत नाही.

हिशोब मात्र उलटं सांगतो. थ्रस्टर असो की पुल-अप, दर रेपला स्वतःचं अंग वर न्यायचंच असतं. ९० रेप्स गुणिले ६ किलो, म्हणजे अख्ख्या वॉडमध्ये (त्या दिवशीच्या व्यायामात) ५४० किलो कमी उचलायचे. तरी वेळ वाढली. कारण बार तेवढाच राहिला, ४३ चा ४३, आणि माझा फ्रंट स्क्वॉट (बार खांद्यांवर पुढे धरून, एकदाच जमेल अशी सर्वांत जड बैठक) ११० वरून १०२ वर घसरला. पूर्वी तो बार माझ्या मॅक्सच्या ३९ टक्के होता, आता ४२. तीन टक्के ऐकायला काहीच नाहीत, पण पंचेचाळीस वेळा डोक्यावर न्यायचे असले की कळतात. (आमच्याकडे सव्वा किलोच्या चकत्या असल्यामुळे बार ४२.५ चाच लागायचा. आता दीडच्या मागवून घेतल्यात, त्यामुळे जुन्या वेळेला अर्ध्या किलोची सूट होती हेही धरा.)

मग ताकद गेली कुठे? प्रथिनं पुरेशी होती. किलोला १.६ ग्रॅम, म्हणजे १२० च्या आसपास. अंडी, पनीर, सोया चंक्स, मटकीची उसळ. कात्री लागली ती भात-भाकरीला. स्नायूंतलं एक ग्रॅम ग्लायकोजेन (साठवलेली साखर) साधारण तीन ग्रॅम पाणी धरून ठेवतं, त्यामुळे सुरुवातीला जे किलो धडाधड उतरतात त्यांत चरबी थोडीच असते. आणि फ्रॅनसारखा पाच-सहा मिनिटांचा पेटलेला वॉड चालतो तो त्याच ग्लायकोजेनवर. म्हणजे ७५ हे वजन वाईट, की ७५ ला टाकी रिकामी, हे अजून ठरलेलं नाही.

स्मार्ट काट्याला विचारून उपयोग नाही. सकाळी १८ टक्के चरबी, रात्री जेवून पाणी पिऊन उभं राहिलं की १६. नुसत्या तळव्यांवरून मोजणाऱ्या काट्याचा करंट एका पायातून वर जाऊन दुसऱ्यातून खाली येतो, पोटापर्यंत धड पोचतच नाही. मी शिंप्याची टेप वापरतो: बेंबीवर, सकाळी, श्वास सोडून. ९१ ची ८४ झाली, ह्यावर माझा विश्वास आहे.

मॅट फ्रेझर माझ्यापेक्षा बुटका आणि वजन ८८ किलोच्या घरात, तरी २०१६ ते २०२० सलग पाच वेळा क्रॉसफिट गेम्स जिंकला, हे मला दर वेळी ऐकवलं जातं. अरे, तो आधी वेटलिफ्टर होता! त्याचे ८८ आणि माझे ८८ एक नव्हेत. मला टिया-क्लेअर टूमीचं उदाहरण जास्त पटतं. २०१६ ला रिओ ऑलिंपिकमध्ये ५८ किलो गटात बार उचलला आणि त्याच वर्षी गेम्समध्ये दुसरी आली. हलकं राहूनही बार हलतो, पण त्यासाठी आधी वर्षानुवर्षं बार उचललेला असावा लागतो.

बेत असा होता की सरळ ७८ वर परत जायचं. रोवरवरही (वल्हवायच्या मशीनवर) तेच सोयीचं, तिथे आपलं अंग आपल्याला उचलावं लागत नाही आणि जड माणूस ओढून नेतो. पण हे लिहिता लिहिताच सुचलं: मर्फ नावाच्या वॉडसाठी घालायचं ९ किलोचं वजनी जाकीट, म्हणजे व्हेस्ट, आहे, त्यातल्या पट्ट्या सुट्या निघतात. फक्त ३ किलो ठेवून फ्रॅन केली तर नुसत्या वजनाची किंमत किती, हे वेगळं कळेल. त्याआधी दोन दिवस पोटभर भात खाऊन व्हेस्टशिवाय एक. भाताने वेळ सुधारली तर ७५ ला धक्का लावायचा नाही, फक्त ताट बदलायचं. नाही सुधारली तर स्नायूच गेलेत, मग ७८ आणि आठवड्याला दोनदा फ्रंट स्क्वॉट.

भातवाली ह्या शनिवारी. व्हेस्टवाली मधला एक शनिवार सोडून, कारण पुढच्या बुधवारी कोचने कॅरन लावलीय आणि दीडशे वॉल-बॉलनंतर (बैठकीतून उठत जड चेंडू भिंतीवर फेकायचा) मांड्या आठवडाभर कामाच्या राहत नाहीत.