होमलोनचा एपीआर शून्य टक्के

रिझर्व्ह बँकेने एप्रिल २०२४ मध्ये सर्क्युलर काढलं, १ ऑक्टोबरपासून प्रत्येक नव्या रिटेल कर्जासोबत की फॅक्ट स्टेटमेंट, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा कागद, द्यायचं आणि त्यात एपीआर दाखवायचा, म्हणजे प्रोसेसिंग फी वगैरे सगळं धरून कर्ज खरंच किती टक्क्याला पडतं ते. त्याचं टेस्टिंग चालू असताना कम्प्लायन्सच्या, म्हणजे नियम पाळले जातायत का ते बघणाऱ्या, मॅडमचा फोन आला, "अहो, नऊ टक्क्यांच्या होमलोनला एपीआर शून्य कसा काय?"

बघितलं तर दोन-तीन वर्षांची पर्सनल लोन सगळी बरोबर, वीस वर्षांची सगळी शून्य.

एपीआर काढणारं मॉड्यूल जावा या प्रोग्रॅमिंग भाषेत होतं, जुन्या व्हेंडरने लिहिलेलं. जावाच्या स्टँडर्ड लायब्ररीत आयआरआर, म्हणजे हातात आलेली रक्कम आणि हप्ते यांवरून दर काढणारं फंक्शन, नाहीच, म्हणून त्यांनी व्हिज्युअल बेसिक (व्हीबी) आणि एक्सेलच्या आयआरआरचे नियम उचलले होते, पहिला अंदाज १० टक्के आणि जास्तीत जास्त २० प्रयत्न. आयआरआरला थेट सूत्र नसतं ना, अंदाज धरायचा, चूक मोजायची, पुढचा अंदाज काढायचा, असं करत करत उत्तराशी पोचायचं. पण हप्ते महिन्याचे असले की तो १० टक्के दरमहा होतो, आणि खरा दर असतो पाऊण टक्क्याच्या आसपास!

मग कागद घेऊन हातानेच करून बघितलं. १० लाखाचं कर्ज, फी १० हजार, म्हणजे हातात ९ लाख ९० हजार, हप्ता ८,९९७, असे २४० हप्ते. न्यूटनच्या पद्धतीने (चुकीवरून पुढचा अंदाज काढायची रीत) १० टक्क्यांवरून पहिलीच उडी थेट उणे ९० टक्क्यांवर जाते, तिथे हप्त्यांची आजची किंमत दोनशे चाळीसहून जास्त आकडी निघते, आणि तिथून परत येताना प्रत्येक पाऊल मुंगीचं, पोचायला पाचशेच्या वर पावलं लागतील आणि आपल्याकडे वीसच.

इथपर्यंत ठीक आहे, गणित आहे ते. पण व्हीबी अशा वेळी एरर देतं, एक्सेल सेलमध्ये #NUM! एरर दाखवतं, आणि या कोडने कॅच ब्लॉकमध्ये, म्हणजे एरर आली तर काय करायचं ते लिहितात त्या भागात, सरळ शून्य परत केलं होतं! कर्ज घेणारा माणूस तो कागद वाचून सही करणार, त्याच्यावर तुम्ही शून्य छापता? मला खरंच संताप आला.

सुरुवात शून्य टक्क्यापासून केली. साध्या हप्त्यांच्या कर्जात तिथून प्रत्येक पाऊल खऱ्या दराकडेच जातं, तो ओलांडून पलीकडे उडी पडत नाही. त्याच कर्जाचा एपीआर ९.१४ च्या आसपास आला, एक्सेलला १ टक्का अंदाज देऊन ताळा केला, जुळला. उत्तर सापडलं नाही तर आता स्टेटमेंट छापलंच जात नाही, केस माणसाकडे जाते. बिझनेसवाले म्हणाले की त्याने डिस्बर्समेंट, म्हणजे कर्जाचे पैसे देणं, अडेल, पण मॅडमनी तिथल्या तिथे सांगितलं, अडू दे.