ढग हिरवा केला की झुडूप

‘ॲनिमेशन कुठे शिकलात?’ असं कोणी विचारलं की मी कॉलेजचं नाव सांगून मोकळा होतो. ते अर्धंच खरं आहे. तुम्ही विचारलंत म्हणून उरलेलं अर्धं सांगतो.

लहानपणी मला व्हिडिओ गेमचं वेड होतं. ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ तर इतक्यांदा खेळलो की पुढे खड्डा कुठे येणार हे बोटांनाच पाठ झालेलं. एकदा मारिओ मेला, मी चडफडत पडद्याकडे बघत बसलो आणि एकदम दिसलं, वरचा ढग आणि खालचं झुडूप एकच आहे! आकार तोच, फक्त रंग वेगळा. १९८५चा तो अख्खा गेम जेमतेम ४० किलोबाइटमध्ये बसवलाय, म्हणून ही काटकसर, हे फार उशिरा कळलं. तेव्हा मात्र जादूगाराच्या बाहीतला पत्ता दिसल्यासारखं झालं.

त्याच सुमारास आमचे खेळण्यांचे सिनेमे सुरू झाले. व्हिडिओ कॅमेऱ्याचं बटण दाबायचं, लगेच पुन्हा दाबून थांबवायचं, प्लास्टिकचा सैनिक नखभर सरकवायचा, परत बटण. कितीही चपळाई केली तरी टेप अर्धा सेकंद फिरायचीच. हालचाल जरा सुरळीत दिसायला सेकंदाला बारा तरी चित्रं लागतात, आमची दोन. सैनिक चालायचे नाहीत, उचक्या लागल्यासारखे पुढे यायचे. खलनायक होता चावीचा बेडूक. तो आपला आपणच उड्या मारायचा, त्यामुळे अभिनयात कायम सरस.

लढाईची पंचाईत होती. सैनिक चारच. मग ढगाची युक्ती वापरली: कमरेला लाल लोकर गुंडाळली की तेच शत्रूचे! आधी आपलं सैन्य, मग लोकरवालं, पुन्हा आपलं, असं आलटून पालटून चित्रण केलं. दुपार गेली. संध्याकाळी ताईला मोठ्या ऐटीत टीव्हीसमोर बसवलं.

ती म्हणाली, “अरे, हे दोघंही डावीकडेच बघतायत. मग भांडतायत कोणाशी?”

दुसऱ्या दिवशी लोकरवाल्यांची तोंडं उजवीकडे केली आणि लढाई जुंपली.

पुढे कॉलेजात सरांनी फळ्यावर दोन बाहुल्या काढल्या, त्यांच्यामधून रेघ ओढली आणि कॅमेरा ही रेघ का ओलांडत नाही ते समजावलं: ओलांडली की समोरासमोरचे दोघंही पडद्यावर एकाच दिशेला बघताना दिसतात. १८० अंशांचा नियम. सगळे वहीत उतरवत होते. मला ताईच्या चढलेल्या भुवया दिसत होत्या.