तुम्ही विचारलंत म्हणून: साम्बू म्हणजे कोण?

‘म्हणजे लग्नाशिवायचे नवरा-बायकोच ना?’ स्वीडनमध्ये राहणाऱ्या मराठी माणसाला हा प्रश्न चुकत नाही. नाही हो, तसं नाही.

‘साम’ म्हणजे एकत्र, ‘बू’ म्हणजे राहणं. लिहिताना शेवटी ओ, बोलताना ऊ. ‘साम’ आपल्या ‘सम’चा भाऊबंद आणि ‘बू’ संस्कृत ‘भू’ धातूचा, तेव्हा शब्द वाटतो तितका परका नाही. ‘लिव्ह-इन’ म्हणताना आपला आवाज खाली येतो, तसं इथे काही नाही. घरं वेगळी ठेवणारं जोडपं असेल तर ‘सॅरबू’.

२००३ च्या साम्बू कायद्याला तीन गोष्टी लागतात: जोडप्याचं नातं, कायमचं एकत्र राहणं आणि एकत्र संसार. जोडपं स्त्री-पुरुषांचं असो वा समलिंगी. एका फ्लॅटमधल्या दोन मैत्रिणी साम्बू नव्हेत. नोंदणी लागत नाही, म्हणून काहीही न ठरवता माणूस या कायद्यात येऊन बसतो.

आणि ‘लग्नासारखंच’ हे उत्तर किती घातक आहे, ते जोडीदार गेल्यावर कळतं. साम्बूला साम्बूचा वारसा मिळत नाही, वीस वर्षं एकत्र काढली तरी. मुलं असतील तर सगळं त्यांना, नसतील तर आईवडिलांना, मग भावंडांना. मागे राहिलेल्याला वाटणी मागता येते, पण ती फक्त दोघांसाठी म्हणून घेतलेल्या घराची आणि घरसामानाची. बँकेतली शिल्लक, शेअर, गाडी, सुट्टीतलं घर यांतलं काही नाही. फ्लॅट गेलेल्या जोडीदाराने ओळख होण्याआधी घेतलेला असेल तर तोही नाही, मग हप्ते दोघांनी भरलेले असोत. वाटणी आपोआपही होत नाही. मृत्यूनंतर तीन महिन्यांत मालमत्तेची यादी करायची असते, ती होईपर्यंत मागणी करावी लागते. दुःखात ते कुणाच्या लक्षात राहतं? नातं तुटून वेगळे झाले तर मुदत एक वर्षाची.

वारसा कायद्यानेच द्यावा का? लग्न नको म्हणून ठरवून तसे राहिलेल्यांवर लग्नाचेच नियम लादणं मला पटत नाही. रिकाम्या हाताने घर सोडणारी बाई पाहिली की तेही बोलवत नाही.

तोवर मृत्युपत्र करा. दोन साक्षीदार एकाच वेळी हजर हवेत, आणि साम्बू साक्षीदार चालत नाही. मुलांचा निम्मा वाटा मात्र मृत्युपत्रानेही काढून घेता येत नाही. वाटणीचे नियम नको असतील तर वेगळा लेखी करार करा. त्यावर दोघांच्या सह्या पुरतात.