तुम्ही विचारलंत म्हणून: ऑफ-व्हाइट भिंतीवर गेला की वेगळाच का दिसतो?

दिवाळी जवळ आली की बडोद्यात घरोघरी रंगकाम निघतं आणि मला हा प्रश्न हमखास येतो, की ताई, शेड कार्डावर तर सगळे ऑफ-व्हाइट सारखेच दिसतात, मग भिंतीवर एक पिवळा, एक गुलाबी आणि एखादा चक्क हिरवट कसा होतो? तुम्हीही विचारलंत, तर जरा नीटच सांगते.

असा उबदार झाकेचा ऑफ-व्हाइट, ज्याला वॉर्म व्हाइट म्हणतात, तो म्हणजे पांढऱ्या बेसमध्ये मशीनने सोडलेले रंगाचे थोडेसे थेंब, पातेलंभर दुधात केशराच्या काड्या टाकाव्यात तसे. पांढरेपणा टायटॅनियम डायऑक्साइडचा, झाक त्या थेंबांची. पिवळा ऑक्साइड असला की क्रीम, लाल जास्त गेला की पीच किंवा गुलाबी, आणि पिवळ्यात काळा घालून ‘सोबर’ केलेला शेड असेल तर सांभाळून, कारण पिवळा अधिक काळा म्हणजे शेवाळी हिरवट, डब्यात ते कळत नाही पण चार भिंती रंगल्या की कळतं.

झाक ओळखायची तर शेडचं नाव वाचूच नका, आयव्हरी काय नि पर्ल काय, त्यावरून काहीही कळत नाही. पट्टीवर त्याच रंगाचा सगळ्यात गडद भाऊ बघा, तो मोहरीसारखा आहे की विटकरी, तीच झाक वरच्या फिक्या शेडमध्ये लपलेली असते. आणि कार्ड एकटं धरू नका, शेजारी झेरॉक्सचा कोरा कागद आणि अजून दोन ऑफ-व्हाइट ठेवा, लगेच फरक दिसतो.

पण खरा खेळ घरात गेल्यावर. मांजलपूरला एका काकूंकडे हॉलमध्ये कोटा फरशी, खिडकी उत्तरेला, म्हणजे दिवसभर थेट ऊन नाही, आभाळाचा निळसर उजेड तेवढा. काकूंना तोच सोबर शेड आवडलेला. प्लायच्या दोन बाय दोनच्या तुकड्यावर दोन हात मारून, दुसऱ्या दिवशी वाळल्यावर तो आम्ही उभा धरून फिरवला (आडवा ठेवून बघू नका, भिंत काही आडवी नसते). खिडकीपाशी ठीक होता, सोफ्यामागच्या कोपऱ्यात खाली फरशीजवळ धरला तर स्वच्छ हिरवट, कारण कोट्याचा हिरवा-करडा उजेड खालून भिंतीवर पडतो. मग पिवळ्यासोबत लालचा अंश असलेला शेड घेतला, लाल हिरवेपणा मारतो, आणि काकूंनी स्वतःच मान डोलावली. हाच शेड पश्चिमेच्या बेडरूममध्ये संध्याकाळच्या उन्हात मात्र फार नारिंगी व्हायचा, म्हणून तिथे जरा करड्या झाकेचा. एकच ऑफ-व्हाइट अख्ख्या घराला लावायचा हट्ट मला पटत नाही.

नमुना जुन्या रंगाच्या भिंतीवर थेट लावू नका हेही कळकळीने सांगते. मागची भिंत निळी असेल तर कुठलाही ऑफ-व्हाइट त्यावर पिवळाच वाटणार. पॅरिसच्या गोबेलँ या भिंतीवर टांगायची विणलेली चित्रं बनवणाऱ्या कारखान्यात रंगाई विभाग बघणारे शेव्हरल, त्यांच्याकडे काळा धागा फिका दिसतो अशी तक्रार आली, त्यांनी तपासलं तर दोष डायमध्ये नव्हता, शेजारच्या रंगांमुळे डोळ्याला तसं वाटत होतं, आणि 1839 मध्ये त्यांनी यावर मोठा ग्रंथच छापला. म्हणून तुकड्याच्या कडेने चार बोटं पांढरी पट्टी सोडा.

आता दिवे. आपल्याकडे बहुतेक घरांत 6500 केल्व्हिनची (हे उजेडाच्या रंगाचं माप, आकडा मोठा तेवढा उजेड निळसर) पांढरी ट्यूब असते, तिच्याखाली पिवळी झाक मरगळते, आणि 3000 च्या पिवळ्या दिव्याखाली तोच पीच अजून तापतो. दिवे बदलायचे असतील तर आधी बदला, मग रंग ठरवा, आणि नमुना रात्रीही बघा कारण हॉलमध्ये आपण बसतो ते रात्रीच.

फरशी, सागवानी चौकटी, किचनचा ओटा, या गोष्टी बदलणार नाहीत, तेव्हा शेड त्यांच्याशी जुळवा, पडदे नंतर मिळतात. आयव्हरी टाइल्स असतील तर गुलाबी झाक टाळाच, टाइल्स मळक्या दिसतात. आणि डबा घेतलात की झाकणावरच्या फॉर्म्युल्याच्या स्टिकरचा फोटो काढून ठेवा, टचअपला नुसतं नाव सांगून भागत नाही.