टेपिंग करून द्या, एवढी मॅच काढतो

कोल्हापुरात फिजिओथेरपी करायची म्हटलं की सीझनमध्ये निम्मे पेशंट फुटबॉलचेच असतात. इथल्या पेठांमधल्या तालमींच्या स्वतःच्या फुटबॉल टीम आहेत, आणि शाहू स्टेडियमवर पाटाकडील, शिवाजी, दिलबहार, खंडोबा अशी कुणाची मोठी मॅच असली की आदल्या दिवशी क्लिनिकमधले सांध्याला आधार म्हणून चिकटवायच्या टेपचे रोल संपतात. पण माझ्याकडे आलेला हा पोरगा नुसता पेठेतला खेळाडू नव्हता, प्रोफेशनल होता. म्हणजे देशातली सगळ्यात वरची लीग आयएसएल नाही, त्याखालची आय-लीग पण नाही, त्याच्याही खालच्या आय-लीग टूमध्ये बाहेरच्या राज्यातल्या एका क्लबचा विंगर, म्हणजे कडेने पळून खेळणारा. पगार महिना २२ हजार, राहणं-जेवण क्लबचं, करार एका सीझनचा. २०१७ ला आपल्या कोल्हापूरचा अनिकेत जाधव अंडर-१७ वर्ल्डकप खेळला तेव्हा हा शाळेत होता आणि तेव्हापासून त्याच्या डोक्यात दुसरं काही नाहीच.

सोबत तालमीचे एक काका होते, ते बाहेर बसले. पोरगा आत आला आणि बसायच्या आधीच म्हणाला, "सर, तेवढं टेपिंग करून द्या. परवाची तालमीची एवढी मॅच काढतो कसंबी."

म्हटलं आधी झोप, बघूया तरी. क्लबच्या प्रॅक्टिसमध्ये वळताना गुडघ्यात कट्ट असा आवाज आलेला, दोन-तीन तासांत गुडघा टम्म सुजलेला. हे एवढं ऐकूनच माझ्या पोटात गोळा आला, कारण इतक्या लवकर सूज येते ती बहुतेक वेळा आतल्या रक्तस्रावाची असते. आता सूज उतरली होती, दुखणं जवळजवळ नव्हतं, आणि इथंच ही पोरं फसतात. सरळ पळताना काही होत नाही मग वाटतं झालं बरं, पण बॉल घेऊन आत कट मारला की गुडघा निसटतो.

गुडघा थोडा वाकवून एका हाताने मांडी धरली आणि दुसऱ्या हाताने नडगी पुढे ओढली. चांगल्या गुडघ्यात एका जागी खट्कन अडतं, हाताला कळतं की लिगामेंटने, म्हणजे हाडं बांधणाऱ्या आतल्या पट्ट्याने, धरलं. उजवा अडला. डावा नुसता येतच राहिला. मी परत एकदा केलं, तो माझ्या तोंडाकडे टक लावून बघत होता. "एसीएल हाय का सर?" त्यानंच विचारलं. एसीएल म्हणजे नडगी पुढे सरकू न देणारं गुडघ्यातलं लिगामेंट. एमआरआय करून घ्यायला लावला तरी मला आणि त्याला तेव्हाच कळलं होतं.

मी स्पष्ट सांगितलं, टेप कातडीवर चिकटते, आतल्या तुटलेल्या लिगामेंटचं काम ती करणार नाही. असाच खेळलास तर गुडघ्यातल्या हाडांमधली गादी पण फाटेल, आणि ऑपरेशननंतर नऊ महिन्यांच्या आत मॅच नाही. तो चिडला. "नऊ महिने घरात खाऊ काय? क्लबनं पगार थांबवलाय, ही मॅच खेळलो तर चार पैसे तरी मिळतील."

पगार थांबवलाय म्हणजे? तर जखमी झाल्यावर क्लबने ट्रेनचं तिकीट काढून दिलं आणि व्हॉट्सअपवर मेसेज, घरी रेस्ट घे, फिट झालास की बोलू. संपलं. करार मोबाईलमध्ये पीडीएफ होता, सही केली त्या दिवसापासून उघडलेला नव्हता. मला राग त्या पोराचा नाही आला, विशीतल्या पोराला ते कुणी वाचून दाखवायला नको का?

माझी एक मैत्रीण वकील आहे, बिल्डिंगमध्ये वरच ऑफिस. तिला खाली बोलावलं आणि मग माझे बाकीचे पेशंट थांबवून आम्ही तिघं तो करार वाचत बसलो. फिफाचा नियम असा की चालू सीझनमध्ये क्लब एकतर्फी करार मोडू शकत नाही, जखमी झाला हे काही कारण होत नाही, आणि दोन महिन्यांचा पगार थकला तर खेळाडू लेखी नोटीस देऊन पंधरा दिवस वाट बघून स्वतः मोकळा होऊ शकतो. भारतीय फुटबॉल फेडरेशनकडे खेळाडूंच्या तक्रारींसाठी कमिटी आहे, खेळाडूंची स्वतःची संघटना एफपीएआय पण आहे. यातलं एक अक्षर त्याला माहीत नव्हतं. तिने तिथल्या तिथे क्लबला मेल लिहून घेतला त्याच्याकडून, आणि तो व्हॉट्सअप मेसेज सोबत जोडला.

मग बाहेरच्या काकांना सांगायचं राहिलं होतं. मला वाटलं आता वाद होणार, कारण मॅच मोठी आणि समोरची टीम कुठली ते मी काय सांगू. काकांनी ऐकून घेतलं, एकदा विचारलं "अर्धा टाईम पण नाही?" मी नाही म्हटलं. मग पोराला म्हणाले, "बूट ठेव घरात. ऑपरेशनचं काय ते तालीम बघंल." आणि बघितलं, खरंच. वर्गणी काढली, निम्म्याच्या वर खर्च तालमीने उचलला.

क्लबने खळखळ करत का होईना सीझन संपेपर्यंतचा पगार दिला, तक्रारीपर्यंत जायची वेळ आली नाही. पुढच्या वर्षाचा करार मात्र दिला नाही, आणि तसं बंधन त्यांच्यावर नव्हतंही. आता त्याचा सातवा महिना चालू आहे. रोज सकाळी येतो, एका पायावरच्या उड्यांमध्ये डावा अजून उजव्याच्या मागे आहे, आणि रोज विचारतो, "सर, वळून पळू का आता?" अजून नाही.