खांब ७८०

इराकमधलं नजफ ते कर्बला साधारण ८० किलोमीटर. रस्त्याच्या खांबांना नंबर आहेत, शेवटचा १४५२, त्यामुळे चालणारा खांबच मोजतो. चेहलुमची, म्हणजे इमाम हुसैनच्या शहादतीनंतरच्या चाळिसाव्याची, ही वाट एकदा तरी चालायचीच, असं खालाचं लग्नाआधीपासूनचं. सद्दामच्या काळात बंदी होती, मग तिचे गुडघे गेले, आणि आता मी सोबत.

नजफला मौला अलींच्या, इमाम हुसैनच्या वडिलांच्या, दर्ग्याची झियारत झाली, फजरच्या नमाजनंतर निघालो. पुढचे दिवस एकमेकांत मिसळलेत. दर पन्नास पावलांवर मौकिब, म्हणजे यात्रेकरूंच्या सेवेचा तंबू: इवल्याशा ग्लासात काळा चहा, तळाशी बोटभर साखर, खजूर, भात. पैसे कुणी घेत नाही. आणि नाही म्हटलं तर ऐकतही नाही! पोट भरलंय हे अरबीत कसं सांगायचं? एका म्हाताऱ्यानं डोक्यावर परात घेऊन अक्षरशः वाट अडवली, तेव्हा मी खेकसलेच. खाला म्हणाली, "अल्लाहच्या वाटेवर निघालीस ना? मग तोंड नीट कर." ती स्वतः सकाळपासून माझ्या बुटांवरून बोलत होती.

बुटांबद्दल तिचं बरोबरच होतं. खांब ७८० जवळ टाचेचा फोड असा चिघळला की पाय टेकवेना. खाला पुढच्या तंबूत नमाजला गेली आणि मी कडेला बसून रडले, भक्तीनं नव्हे. अबायातल्या एका बाईनं पाहिलं. "हज्जिया, तफद्दली," म्हणत दंडाला धरून बायकांच्या तंबूत नेलं. घमेल्यात कोमट पाणी, मीठ. लाइटरवर सुई तापवून फोडातून आरपार दोरा ओवला आणि दोरा आतच ठेवला, पाणी झिरपत राहावं म्हणून. तिच्या स्वतःच्या टाचांना एवढ्या भेगा, की बोट जाईल.

कुठल्या, विचारलं. "कूफा."

आता डोंगरीत वाढलेल्या मुलीला कूफा काय सांगायचं! कादिसियाच्या लढाईत अरबांपुढे इराणची सासानी फौज हरली, त्यानंतर ६३८ च्या सुमारास साद इब्न अबी वक्कास यांनी वसवलेली ही फौजेची छावणी. मौला अलींनी तिला राजधानी केलं, आणि ६६१ मध्ये तिथल्याच मशिदीत त्यांच्यावर तलवार चालली. पुढे याच गावानं इमाम हुसैनना पत्रांवर पत्रं पाठवली, या, आम्ही तुमचे. इमामांचे चुलतभाऊ मुस्लिम बिन अकील दूत म्हणून पुढे आले, खलिफा यझीदचा सुभेदार इब्न झियादनं धमकावलं, आणि घरोघर दारं लागली. हिजरी ६१ च्या मोहरममध्ये, म्हणजे ६८० साली, कर्बलेत समोर जी फौज उभी राहिली तिचा सरदार उमर इब्न साद. त्याच सादचा मुलगा! बापानं गाव वसवलं, मुलानं रसूलच्या, म्हणजे पैगंबरांच्या, नातवाचं पाणी तोडलं. लहानपणापासून मोहरमच्या मजलिसीत, शोकसभेत, या गावाच्या नावानं बोटं मोडत आले.

शेजारच्या मौकिबमध्ये तेवढ्यात कुणी हिंदुस्तानी उर्दू नोहा, शोकगीत, लावला. कूफेवाल्यांच्या बेवफाईचाच. मला कुठे पाहावं कळेना. तिला शब्द समजत नव्हते. हुसैन हे नाव तेवढं कळत होतं. एका हातात माझी टाच, दुसऱ्या हातानं ती ठेक्यात छातीवर मातम करत होती. डोळे वाहत होते. तिच्या मुलीनं पाण्याचा ग्लास पुढे केला. मी तो रिकामा केला, आणि "या हुसैन" म्हणताना घसा असा दाटला, की मुलगी घाबरून दुसरा ग्लास घेऊन आली.

कर्बलेचं काय सांगू? गर्दीत जरीहला, कबरीभोवतीच्या जाळीला, हात लागला नाही, लांबून सलाम केला.

त्याआधी, फोडाच्या त्याच संध्याकाळी, खालाला सगळं सांगितलं. ती थांबलीच. "कूफ्याची? आणि तू पाणी घेतलंस?"

"घेतलं. चहापण."

मग बरेच खांब अबोला. पाय तिचेही सुजलेले, पण बोलेल कशाला? अखेर एका तंबूत मी तिला जबरदस्तीनं बसवलं. घमेलं घेऊन बाई आली, तर खालाचा पहिला प्रश्न, कुठली?

बसऱ्याची निघाली. खालानं लगेच मोजे काढले.